मस्टरवर नाव होतं तिचं

आज मेहकरजवळ मोठ्या काकांच्या नव्या घराची वास्तू होती. जेवणं आटोपली आणि मग फ्लेक्सवरचा पडदा काढला. आमची वंशावळ, भाटाच्या (पिढ्यांची नोंद ठेवणाऱ्याच्या) वहीतून उतरवलेली, नऊ पिढ्यांची. वर कोपऱ्यात जिजाऊंचा फोटो. मी हौसेनं नावं वाचत गेले. नुसते पुरुष. लहानपणीच देवीनं गेलेला कुणी चुलत आजासुद्धा आहे, पण माझी आजी नाही. एकही बाई नाही. विचारलं तर म्हणे, "बायकांची नावं लिहायची पद्धत नाही बाई."

तेही गिळलं असतं. पण मग काका माईकवर बोलले, "72 च्या दुष्काळातसुद्धा आपल्या घरची बाई सरकारी कामावर गेली नाही."

तेव्हापासून डोकं फिरलंय.

गेली होती. माझी आजी गेली होती. गावामागच्या पाझर तलावाच्या पाळीवर तिनं माती वाहिली. डोक्यावर चुंबळ, चुंबळीवर घमेलं, आणि पाळ चढून वर टाकायचं. मुकादमानं मस्टर, म्हणजे मजुरांचा हजेरीपट, भरताना आजोबांचं नाव विचारलं, तेव्हा ती म्हणाली होती, "घमेलं मी वाह्यतो, तं नाव माह्यंच लिही." आणि त्यानं लिहिलं. ही गोष्ट मी तिच्या तोंडून इतक्यांदा ऐकलीय की तो मुकादम माझ्या ओळखीचा वाटतो.

आपण दर 12 जानेवारीला गाड्या भरभरून सिंदखेडराजाला जातो. जिजाऊंच्या आईचं नाव म्हाळसाबाई, हे आपल्या पोरांना पाठ असतं, असायलाच पाहिजे. त्याच पोरांना स्वतःच्या पणजीचं नाव विचारून बघा. जातीच्या दाखल्यासाठी कोतवाल बुकातली (गावच्या जुन्या जन्ममृत्यूच्या वहीतली) पणजोबाची नोंद शोधत तहसीलचे उंबरे झिजवतो आपण, पण पणजीचं माहेर कोणतं हे घरातल्या म्हातारीला विचारायला पाच मिनिटं नाहीत.

भाटाच्या वहीला मी नावं ठेवत नाही. ती नसती तर खापरपणजोबाच्या पुढे कुणालाच काही सांगता आलं नसतं, मान्य. पण वहीत 'अमक्याचा तमका' एवढंच असतं. तमका काय खाऊन जगला हे वहीत नाही, ते चुलीजवळ बसणाऱ्यांना माहीत असतं.

आजीला माहीत होतं. परदेशातून आलेला लाल मिलो, म्हणजे एक प्रकारची ज्वारी, रेशनला मिळायचा, त्याची भाकर थापताना फुटायची. म्हणून ती कढत पाण्यात पीठ उकडून घ्यायची, तरी कडेनं भेगा पडायच्याच. कामावर सुकडी, म्हणजे कोरडा पौष्टिक खाऊ, वाटायचे. ती स्वतः चिमूटभर तोंडात टाकायची आणि बाकीची पदराला गाठ मारून घरी आणायची. मजुरी वेळेवर नाही, मोजणीत मारामारी. मापात माती कमी भरली म्हणून एकीचा रोज कापला, तर सगळ्या बायकांनी घमेली पालथी घातली आणि तिथंच बसून राहिल्या. हे कोणत्या फ्लेक्सवर लिहिणार?

कुणी म्हणेल, म्हाताऱ्या माणसाच्या आठवणीचा काय भरवसा. खरं आहे, आजी सालं एकात एक करायची, तिच्या सासूनं सांगितलेला छप्पनचा (संवत 1956, म्हणजे इसवी 1899-1900 चा) दुष्काळ आणि तिचा स्वतःचा बहात्तरचा कधीकधी एकाच वाक्यात यायचे. पण मुकादमाला दिलेलं उत्तर कधी बदललं नाही.

आणि लाज कसली? याच कामांतून रोजगार हमी उभी राहिली, 1977 मध्ये राज्यात तिचा कायदा झाला, पुढे 2005 मध्ये सगळ्या देशाचा झाला. आपल्या आज्यांनी घमेली वाहून हे सिद्ध केलं आणि आपण म्हणतो, आमच्या घरची नव्हती हो ती!

काकांना "आपली विहीर मे महिन्यातही आटत नाही" याचा केवढा अभिमान. आजही पाहुण्यांना हाताला धरून दाखवायला नेलं. ती विहीर तलावाच्या खालच्या अंगाला आहे काका. पाणी कुठून पाझरतं?

इथपर्यंत टाइप केलं आणि जरा शांत झाले. काका तेव्हा शाळकरी होते. आई डोक्यावर माती घेऊन चढतेय आणि पाळीखालच्या रस्त्यानं वर्गातली पोरं चाललीत, हे त्यांनी पाहिलं असणार. उपाशी दिवस सांगायला जड जातं माणसाला, कळतं मला. आजोबांचंही तोंड त्या विषयावर कधी उघडलं नाही. आजी मात्र हसत सांगायची, एसटीतून जाताना खिडकीतून पाळ दाखवायची, "त्या बाभळीपासून इकडचं आमच्या टोळीचं." गाडीतल्या अनोळखी बायकासुद्धा मान वळवून बघायच्या.

म्हणून राग पुन्हा येतो. तिला लाज नव्हती, तर तिच्या वतीनं आपण का वाटून घ्यायची?

काका, तुम्ही ही पोस्ट वाचणार आणि माझ्या आईला फोन करणार, मला माहीत आहे. करा. पण आधी डोणगावला आत्याला लावा. पदराच्या गाठीतली सुकडी खाणारी ती होती. तिला सगळं आठवतं, त्या टोळीतल्या बाकीच्या बायकांची नावंही. मी रविवारी तिच्याकडे वही घेऊन जातेय. फ्लेक्स छापणाऱ्याचा नंबर तेवढा पाठवून ठेवा, दुसरा छापायचाय. पैसे मी देते.