ओनोंचं नाव राहिलं

जपानी टीव्हीच्या साउंड इफेक्टवाल्यांवर लेख लिहिलात ते फार बरं केलंत, पण त्यात त्यांच्यातलेच मात्सुओ ओनो राहून गेले याची चुटपुट लागली. १९६३ला 'अ‍ॅस्ट्रो बॉय' हे जपानी कार्टून टीव्हीवर सुरू झालं ना, त्यातल्या रोबो पोराच्या पावलांचा आवाज यांचा! आता रोबोचे पाय कसे वाजतात हे कोणी ऐकलंय, बूट आपटून भागणार नव्हतं, बाजारात सिंथेसायझर, म्हणजे विजेवर हवे ते आवाज तयार करणारी वाद्यं, तीही आली नव्हती, मग मारिम्बा, म्हणजे लाकडी पट्ट्यांवर काठीने वाजवायचं वाद्य, टेपवर घेऊन त्या टेपशीच खेळत खेळत हा आवाज काढला. त्याआधी एनएचके या जपानच्या सार्वजनिक रेडिओ-टीव्ही संस्थेत होते, ती नोकरी सोडून बाहेर पडले, केवढी हिंमत लागते हो! चित्र सगळ्यांना आठवतं, आवाज करणाऱ्याला कोण विचारतं. त्यांच्यावर वेगळा लेख लिहाच प्लीज.