आई म्हणजे एकच रोल नसतो भाऊ

भाऊ, तुमची कमेंट दोनदा वाचली. तुमचं म्हणणं असं की अभिनेत्री रोहिणी हट्टंगडींना मी उगाच अष्टपैलू म्हटलं, त्यांनी जन्मभर आई केली आणि नंतर सासू, आणि खान्देशातल्या बाईने लिहायचंच तर आपल्या शिरपूरच्या स्मिता पाटीलवर लिहावं. राग नाही आला, पण गप्पही बसवत नाही.

आधी आईचं बोलू. 'सारांश' 1984 चा, रोहिणीताई तेव्हा तिशीच्या आसपास आणि रोल म्हाताऱ्या पार्वतीचा, जिचा मुलगा न्यूयॉर्कमध्ये लुटारूंच्या हातून मेलाय. सगळे तिच्या नवऱ्याचं काम करणाऱ्या अनुपम खेरचं कौतुक करतात, करावंच, पण घरात राहणाऱ्या सुजाताला दिवस गेलेत म्हटल्यावर आपला अजयच परत येतोय असं ती बाई मनात धरून बसते ना, ते बघा. आमच्या चोपड्याच्या मोठ्या काकूचा तरणाताठा मुलगा गेलेला. टीव्हीवर हा सिनेमा लागला तेव्हा ती भाकरीचं पीठ मळत होती, परात समोर, हात पिठात, आणि शेवटपर्यंत तशीच बसून राहिली, पीठ वाळून बोटांवर पापडी धरली तरी. संपल्यावर काही न बोलता मोरीत जाऊन कितीतरी वेळ हात धूत होती. मला अभिनय म्हणजे काय ते त्या दिवशी कळलं.

आणि हेच नवराबायको, खेर आणि रोहिणीताई, पाचच वर्षांनी 'चालबाज'मध्ये श्रीदेवीला छळणारे काकाकाकू होऊन येतात! आमच्या घरात कोणाला पटेचना की हीच ती पार्वती. 1990 च्या 'अग्निपथ'मध्ये त्या अमिताभची आई, वयाने स्वतःपेक्षा मोठ्या माणसाची, आणि आई कशी, तर लेकाचा गुंडगिरीचा मार्गच नाकारणारी. पार्वती लेकाला परत मागतेय आणि ही जिवंत लेकाला दूर ठेवतेय, मग हा एकच रोल कसा झाला सांगा.

'गांधी'तली कस्तुरबाही नुसती सोशिक नाही. पायखाना साफ करायचा म्हटल्यावर ती नवऱ्याला तोंडावर नाही म्हणते, तिथे भांडणारी खरी बायको दिसते. त्या कामाला बाफ्टा, म्हणजे ब्रिटनचा मोठा सिने-पुरस्कार, मिळाला. आणि हे सगळं नाटकाच्या तालमीतून आलंय. राष्ट्रीय नाट्य विद्यालयात नाट्यगुरू इब्राहिम अल्काझींच्या हाताखाली शिकल्या, कर्नाटकातलं यक्षगान केलं, काबुकी हा जपानी नाट्यप्रकार केला, पुढे 'अपराजिता'सारखा एकपात्री प्रयोग अख्खा एकटीने पेलला.

सिरीयलचं मात्र तुमचं थोडं खरंय. 'चार दिवस सासूचे' 2001 पासून 2013 पर्यंत चाललं, तीन हजारांवर भाग, एवढं ताणायला नको होतं असं मलाही वाटतं. पण आमच्याकडे तेव्हा लोडशेडिंग इतकं की अर्धे भाग हुकायचे, आणि दुसऱ्या दिवशी ओट्यावर तुरीच्या शेंगा सोलता सोलता ज्यांच्याकडे लाइट होती त्या बायका बाकीच्यांना अख्खा भाग ऐकवायच्या, त्यांची आशालता कशी बघते ते मान वळवून करून दाखवायच्या. ज्या बायकांनी जन्मात नाट्यगृहाची पायरी चढली नाही त्यांच्यापर्यंत एवढी तयारीची नटी रोज संध्याकाळी पोचत होती, याला वाया जाणं म्हणणं मला जमत नाही.

राहिली स्मिता. ती आपलीच, तिच्यावर लिहिणारच आहे. पण भाऊ, या दोघींना एकमेकींसमोर कशाला उभं करताय? 1982 चा 'अर्थ' परत लावा, त्यात स्मिता पण आहे आणि शबाना पण, आणि त्यांच्यात रोहिणीताई कामवाली बाई आहेत, पोरीच्या शाळेसाठी साठवलेले पैसे नवऱ्याने उडवले म्हणून त्याचा जीव घेणारी. ज्या वर्षी 'गांधी' आला त्याच वर्षीचा हा सिनेमा. तो बघा आणि मग इथेच खाली लिहा, मी वाट बघतेय.