डेलिया मायर आणि ‘उसना आवाज’

‘टाटोर्ट’ या जर्मन गुन्हेगारी मालिकेतल्या स्विस अभिनेत्री डेलिया मायर यांच्याबद्दल एक मजकूर सध्या फिरतोय. त्या हाँगकाँगमध्ये जन्मल्या, ल्युसर्न या स्विस शहरात घडणाऱ्या भागांत पहिल्यापासून होत्या आणि त्यांना जर्मन नीट येत नसल्याने आवाज दुसरीचा वापरला, असं त्यात म्हटलंय. शेवटच्या दोन्ही गोष्टी चूक.

१९७० पासून चाललेल्या या मालिकेतून स्वित्झर्लंड २००१ नंतर बाहेर होतं. २०११ मध्ये ल्युसर्नच्या भागांनी ते परतलं, पण त्या पहिल्या भागात अभिनेते श्टेफान गुब्सर यांच्या जोडीला सोफिया मिलोस होत्या. तो भाग स्विस वाहिनीलाच पसंत पडला नाही. प्रसारण पुढे ढकलून त्यात दुरुस्त्या झाल्या आणि मिलोस यांची भूमिका तिथेच संपली. मायर यांनी रंगवलेली पोलीस अधिकारी लिझ रिचार्ड आली २०१२ मध्ये आणि २०१९ पर्यंत टिकली.

आता आवाज. ओठ आणि शब्द जुळत नाहीत हे प्रेक्षकांनी बरोबर हेरलं, कारण मात्र भलतंच लावलं. हे भाग चित्रित व्हायचे स्विस जर्मन बोलीत. ती उत्तर जर्मनीतल्या प्रेक्षकाला फारशी कळत नाही, म्हणून जर्मनी-ऑस्ट्रियासाठी प्रमाण जर्मनमध्ये डबिंग होई, आणि ते बहुतेक कलाकार स्वतःच करत. मायर यांनीही स्वतःच केलं. जर्मन येत नाही म्हणावं तर ‘टाटोर्ट’च्या आधी त्या आरटीएल या जर्मन वाहिनीच्या ‘डी झिटं’ या पोलीस मालिकेत होत्या!

मायर यांचा हाँगकाँगचा जन्म मात्र खरा आहे. आईवडील स्विसच.