अर्धवट राहिलेली शिवी

शाळेच्या ग्रुपवर नाशिकच्या आमच्या जुन्या रस्त्याचा व्हिडिओ आला. खड्ड्यांत रिक्षा नाचतायत. याच रस्त्यावर मी सायकल शिकलो. मी खाली एक हसरी इमोजी टाकली, बस्स. लगेच एका मित्राचं आलं : ‘देश सोडून गेलेल्यांनी देशाला नावं ठेवू नयेत.’ बाकीच्यांनी त्याच खड्ड्यांना आईबहिणीवरून घातलेल्या शिव्या मात्र चालल्या!

मी इटलीत तोरिनोत (ट्युरिनमध्ये) राहतो, त्यामुळे मला पादुआ या इटालियन शहराकडचा पोरगा आठवला. इटालियन लेखक एदमोंदो दे आमिचीसच्या ‘कुओरे’ (१८८६) या पुस्तकातला. १९१५ साली इथल्याच ग्लोरिया कंपनीने त्याच्या गोष्टीवर छोटा मूकपट काढला. पोरगा अकरा वर्षांचा. शेतकरी आईबापांनी कसरतवाल्यांना विकलेला. मार आणि उपासमार सोसून तो बार्सिलोनात त्यांच्या तावडीतून पळतो, आणि तिथला इटलीचा वाणिज्यदूत त्याला जेनोआच्या बोटीत बसवून देतो. बोटीवर तीन परदेशी प्रवासी दारूच्या तारेत त्याला नाणी देतात. बर्थच्या पडद्याआड पडून पोरगा हिशेब करतो : एक कोट घेऊ, दोन वर्षं अंगावर चिंध्याच आहेत, उरलेले घरी नेले तर आईबाप जरा बरे वागवतील. तेवढ्यात ते तिघं इटलीवर घसरतात. हॉटेलं, रेल्वे, मग माणसं : अडाणी, घाणेरडी… ‘चोर’ पुरतं तोंडातून निघायच्या आत त्यांच्या डोक्यावर नाण्यांचा मारा. माझ्या देशाला शिव्या देणाऱ्यांची भीक नको, म्हणतो.

मित्राला हे सांगितलं तर म्हणेल, शाळाशाळांतून दाखवा. पण पोराला विकलं कुणी? घरच्यांनीच. त्यांच्यावर एक नाणं उडत नाही. मूकपट आला त्याच वर्षी इटली महायुद्धात उतरली. अशी पोरं हवीच होती तेव्हा.

आता इथलं सांगतो. कोपऱ्यावरच्या बारमध्ये सकाळच्या पहिल्या कॉफीपासून इटलीचा उद्धार चालू असतो. एकदा गाड्यांच्या उशिराबद्दल मीही ‘खरंय’ म्हणालो, तर सगळे गप्प. कपात चमचा तेवढा वाजला. म्हणजे मित्राचा नियम इथेही आहे. ग्रुपवर अर्थातच हे लिहिलं नाही.

आणखी एक गोष्ट लिहिली नाही. मागे ऑफिसच्या जेवणात एकाने विचारलं, तुमच्याकडे सगळीकडे एवढी घाण का असते? मी हसलो. वर लोकलमधला एक किस्सा तिखटमीठ लावून सांगितला. टेबल खूश. बिल त्यांनी भरलं. मी भरू दिलं.