‘कॅमेरामन बटण दाबतो’ म्हणणाऱ्या ‘एक सोलापूरकर’ यांना

नमस्कार. स्वतंत्र, म्हणजे मोठ्या स्टुडिओच्या पैशाशिवाय निघणाऱ्या सिनेमातले छायाचित्रकार निर्मितीकडे कसे वळतात, यावरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलंत, “कॅमेरामन बटण दाबतो, त्याला पैशातलं काय कळतं? निर्मिती हे शेठ लोकांचं काम. सोलापुरात बसून आम्हाला शिकवू नका.” लेख लांबला, हे मान्य. पण ही काय बोलायची रीत झाली? तेही नाव लपवून?

‘बटण दाबतो’ हे मला लागलं. लग्नाच्या व्हिडिओंपासून सुरुवात करून मी एका छोट्या सिनेमात कॅमेरा सहायक झालो. सोलापूरच्या पूर्व भागातल्या यंत्रमागाच्या शेडमध्ये शूटिंग होतं. उजेड फक्त ट्यूबलाइटचा. सुताचे तंतू सारखे लेन्सवर बसायचे, ते ब्लोअरने उडवायचं काम माझं. पहिल्याच शॉटला मॉनिटरवर चित्र लुकलुकायला लागलं. निर्माते म्हणाले, मुंबईहून लाइट आणि जनरेटर मागवा. छायाचित्रकारांनी काहीच मागवलं नाही, शटर, म्हणजे प्रत्येक फ्रेमवर किती वेळ उजेड पडू द्यायचा ती अंशांत मोजायची सेटिंग, 180 अंशांवरून 172.8 वर आणलं. आपली वीज 50 हर्ट्झची, म्हणजे सेकंदाला पन्नास आवर्तनांची, आणि ट्यूबलाइट त्या तालावर लुकलुकते. सेकंदाला 24 फ्रेम घेताना 180 अंश म्हणजे सेकंदाचा अठ्ठेचाळिसावा भाग, तर 172.8 म्हणजे बरोबर पन्नासावा. विजेशी मेळ बसला, लुकलुक थांबली. जनरेटरचं भाडं वाचलं ते पैसेवाल्यामुळे की बटण दाबणाऱ्यामुळे, ते तुम्हीच सांगा.

त्याच निर्मात्या शेठनी शेवटच्या आठवड्यात हात वर केले. युनिटचं जेवण छायाचित्रकारांनी खिशातून घातलं, स्वतःचं मानधन सोडून दिलं, पण शूटिंग बंद पडू दिलं नाही. मी तिथे होतो. त्या आठवड्यात निर्माता कोण होता? स्वतंत्र सिनेमात कॅमेरामन निर्माता होतो तो असा. मिरवायला कोणी होत नाही. कुठला सीन दिवसाच्या उजेडात उरकेल आणि कुठल्याला खरंच खर्च करावा लागेल, हे त्याच्याइतकं सेटवर दुसऱ्या कुणाला ठाऊक असतं?

माझा अनुभव पटत नसेल तर राजीव रवींचं बघा. ‘गँग्स ऑफ वासेपूर’ त्यांनी चित्रित केला, आणि त्याच 2012 मध्ये त्यांच्या व मित्रांच्या ‘कलेक्टिव्ह फेज वन’ने ‘आय.डी.’ हा सिनेमा काढला. त्याचे छायाचित्रकार मधू नीलकंठन हेही त्याच गटातले. यात शेठ कुठे दिसतो तुम्हाला? आपल्या जिल्ह्याचंच हवं असेल, तर करमाळ्याकडे ‘सैराट’ चित्रित करणाऱ्या सुधाकर रेड्डी यक्कंटींनी 2018 मध्ये ‘नाळ’ दिग्दर्शित केला, कॅमेराही स्वतःच सांभाळला. तेही बटणच दाबत होते का?

बॉक्स ऑफिस आणि ओटीटीबद्दल तुम्ही बरंच लिहिलंय. माझा लेख त्यावर नव्हता, तेव्हा त्यात शिरत नाही. राहता राहिलं ‘सोलापुरात बसून’. मी इथेच राहतो, इथेच कॅमेरा धरायला शिकलो आणि लिहिणारही इथूनच. यापुढे काही म्हणायचं असेल तर नावानिशी लिहा. निनावी प्रतिक्रियेला उत्तर देण्याची ही शेवटची वेळ.