दुष्यंताची बाजू

दुष्यंतावर आपण सगळ्यांनी फार अन्याय केला आहे, हे माझं मत मंगल कार्यालयांत हिंडून हिंडून बनलेलं आहे. चारचौघांत कुणी तरी हात धरून "काय, ओळखलंस का मला?" असं विचारतं, त्या क्षणी माणसाचं काय होतं हे ज्याने भोगलंय, तो कालिदासाचं 'शाकुंतल' नाटक पाहताना नुसता रडू शकत नाही.

राजाची निदान सोय तरी होती. तो तुला विसरेल, असा दुर्वास ऋषींनी शकुंतलेला शाप दिला, तिची मैत्रीण प्रियंवदा पाया पडली, आणि शाप जरा सैल झाला. ओळखीचा दागिना दिसायचा अवकाश, राजाला सगळं आठवणार. म्हणजे हरवलेली आठवण त्याने तिला दिलेल्या अंगठीत जपलेली. असं काही आमच्याकडे असतं तर मी लग्नाची एकही पत्रिका चुकवली नसती. पण शाप ऐकलेल्या दोघी मैत्रिणींनी शकुंतलेला त्यातलं काही सांगितलंच नाही. म्हणे तिचं मन नाजूक. निघताना एवढंच सांगितलं, राजाने ओळखायला वेळ लावला तर अंगठी दाखव. का, ते गुलदस्त्यात. पुढे शचीतीर्थाच्या पाण्याला वंदन करताना अंगठी गेली बोटातून.

मग पाचव्या अंकात ती बिचारी रिकामं बोट घेऊन दरबारात उभी. पुरावा म्हणून तिने दीर्घापांग नावाच्या हरणाच्या पाडसाची गोष्ट सांगितली. ते तुमच्या हातून पाणी प्यालं नाही, माझ्या हातून प्यालं, तेव्हा तुम्ही असं असं म्हणालात. इथे प्रेक्षक डोळे पुसतात आणि मी राजाकडे बघत राहतो. कारण कार्यालयातले पुरावे थेट याच जातीचे असतात. "अरे, चौथीत असताना तू आमच्याकडे राहायला आला होतास, आमच्या मोत्याने तुझी चप्पल पळवली होती!" मोत्या आठवत नाही, घर आठवत नाही. समोरच्या बाईंना काकू म्हणावं तर त्या आईकडच्या निघायच्या, मावशी म्हणावं तर वडिलांच्या चुलत बहीण. मी दोन्ही हात जोडून सरसकट वाकतो. नमस्काराला नातं लागत नाही.

माझी अंगठी म्हणजे बायको. माझ्याच नात्यातली माणसं ती मला कानाशी पुटपुटून पुरवते: "वाईच्या. तुमच्या दादांच्या मेहुणी. गुडघ्याचं ऑपरेशन विचारा." पण अंगठी नेमक्या वेळी बोटात नसते. बायको तेव्हा रुखवत बघायला गेलेली असते.

उरतो मित्र. राजाचा विदूषक माधव्य याला शकुंतलेचं प्रकरण ठाऊक होतं. मग तू का नाही आठवण दिलीस, असं राजाने पुढे विचारलं, तर तो म्हणतो, तूच शेवटी म्हणालास ना, ती सगळी थट्टा होती! माझा चुलतभाऊ याच घराण्यातला. "हे कोण रे?" असं हळूच विचारलं की हा पंगतभर ऐकू जाईल अशा आवाजात, "काय सांगतोस! यांना नाही ओळखलंस?"

महाभारतात तर ना शाप आहे, ना अंगठी. तिथल्या दुष्यंताला सगळं लख्ख आठवत असतं आणि तो भर सभेत नाही म्हणतो. आकाशवाणी झाल्यावर सांगतो, मला माहीत होतं, पण लोकांनी विश्वास ठेवला नसता. कालिदासाने शाप घालून त्याची अब्रू वाचवली. आमचं दुखणं उलटं. तो ओळख असून नाही म्हणाला, आम्ही ओळख नसताना "अहो, न ओळखायला काय झालं!" म्हणतो आणि पुढची पंधरा मिनिटं फसतो.

अर्थात त्याची सगळीच बाजू घेता येत नाही. अंगठीवर नाव कोरलंय, रोज एक अक्षर मोज, संपेपर्यंत माझा माणूस तुला न्यायला येईल, असं सांगून स्वारी गेली होती. नाव तीन अक्षरी!

अण्णासाहेब किर्लोस्करांनी ३१ ऑक्टोबर १८८० रोजी पुण्यात संगीत शाकुंतलचा पहिला प्रयोग केला तो चारच अंकांचा. भाग्यवान प्रेक्षक. शाप ऐकून घरी गेले, पण दरबारातली फजिती त्या रात्री पाहावी लागली नाही.

शेवटी अंगठी मिळाली ती रोहू माशाच्या पोटात. कोळ्याला शिपायांनी चोर म्हणून बांधून आणलं, राजाने अंगठीच्या किमतीइतकं बक्षीस दिलं, आणि तेच शिपाई त्याचे जिवलग होऊन त्याच्याबरोबर दारूच्या गुत्त्याकडे निघाले. अख्ख्या नाटकात मला सर्वांत घरचा वाटलेला प्रसंग हा. सातव्या अंकात राजा ती अंगठी परत द्यायला जातो तर शकुंतला म्हणते, माझा नाही विश्वास तिच्यावर, तुमच्याच बोटात राहू दे. बाई शहाणी होती.

पण त्याच अंकात राजाने एक युक्ती दाखवून ठेवली आहे. मूल दिसलं की आधी त्याच्या कुळाची चौकशी. आईचं नाव विचारावं असं त्याच्या मनात येतं, पण परस्त्रीबद्दल कसं विचारायचं म्हणून तो थांबतो. मी थांबत नाही. परवाच्या लग्नात एक बाई अगदी जवळची असल्यासारखी खुशाली विचारून जिलबी आणायला वळल्या, तेवढ्यात मी त्यांच्या चिरंजीवांना गाठलं. नाव झालं, शाळा झाली, इयत्ता झाली. मग शक्य तितक्या सहज म्हटलं, "आणि आईचं नाव काय रे, बाळा?"

पोराने मला एकदा खालपासून वरपर्यंत न्याहाळलं आणि बोंब ठोकली, "आई, या आजोबांनी तुला ओळखलंच नाही!"