मालिका संपली हे आता कळतच नाही

आमच्या साताऱ्यात संध्याकाळी सातनंतर कुणाच्या घरी जायचं म्हणजे पंचाईतच. मालिका संपल्यावर बोलू म्हणावं तर ती संपतच नाही. म्हणजे संपते, पण कळत नाही. आईचंच बघतो ना रोज, शेवटी सुनेच्या चेहऱ्यावर कॅमेरा तीनदा आपटतो, ढॅणढॅण होतं, आई "चला भाकऱ्या टाकते" म्हणत गुडघ्यावर हात टेकून उठायला लागते तोवर पुढच्या मालिकेतली सासू किंचाळलेली पण असते. मधे जाहिरात नाही, टायटल साँग नाही, काही नाही. आई परत खाली. जाहिराती येतात त्या पाच-सात मिनिटांनी, मासा गळाला लागल्यावर.

हे आपोआप होत नाही ओ. दोन कार्यक्रमांच्या मधेच माणूस रिमोट उचलतो, हे चॅनलवाल्यांना पक्कं माहितीय. अमेरिकेत एनबीसी या चॅनलनं १९९४ लाच मधल्या जाहिराती काढल्या आणि नामावली स्क्रीनच्या एका कडेला दाबली. आपल्याकडं त्याच्यावर कडी. मालिका साडेआठच्या ठोक्याला न संपवता दोन-तीन मिनिटं पुढं ढकलायची, म्हणजे दुसरीकडं गेलात तर तिथली सुरुवात हुकलेली. नवी मालिका दोन चालत्या मालिकांच्या मधे बसवायची, उठायचा कंटाळा म्हणून लोक ती पण बघतात. आणि महासंगम! एका मालिकेतलं लग्न मोडायला दुसऱ्या मालिकेतली माणसं येतात, तासभर सलग, मधे उठायला जागाच ठेवत नाहीत. कोणता कार्यक्रम किती बघितला जातो हे मोजणाऱ्या बार्क या संस्थेचे आकडे मिनिटांच्या हिशोबावर निघतात म्हटल्यावर एक मिनिट तरी कोण सोडेल?

डोकं आहे, मान्य. आईची पण काही तक्रार नाही, भाकऱ्या जाहिरातीत होतात.

मला राग येतो तो नामावलीचा. वाई-साताऱ्याकडं एवढी शूटिंगं चालतात, आपल्याकडचीच पोरं लाइटला, जनरेटरवर, सेट लावायला असतात, रात्र रात्र उभी. त्यांची नावं जिथं यायची नेमकी तीच जागा यांनी खाल्ली. आली तरी कोपऱ्यात मुंगीएवढी आणि अशी पळवतात की नाव शोधेस्तोवर गायब. आमच्या गल्लीतल्या एका काकूंनी पोराचं नाव बघायला म्हणून मोबाइलवर अ‍ॅप घेतलं, तर तिथं नावं सुरू झाली की बरोबर त्यांच्यावरच "पुढचा भाग" म्हणून बटण येतं आणि उलटे आकडे सुरू.